वाहिनीचा कारभारी आणि चरित्रमालिका

दूरचित्रवाणीवरील मालिकांचा विचार करताना आपले अभ्यासक बहुधा लेखक, नट व दिग्दर्शक यांच्यापाशीच थांबतात. ज्याच्या शब्दावर मालिका सुरू होते आणि बंद पडते, तो वाहिनीचा कारभारी समीक्षेच्या कक्षेत सहसा येत नाही. श्री. नितीन वैद्य यांची कारकीर्द यासाठीच तपासण्याजोगी आहे. पत्रकारितेतून आलेले वैद्य ‘झी मराठी’चे प्रमुख होते, पुढे हिंदी वाहिन्यांच्या व्यवस्थापनातही त्यांनी वरिष्ठ पदे सांभाळली, आणि नंतर ‘दशमी क्रिएशन्स’ या संस्थेच्या द्वारे ते निर्माते झाले. आडत बाजारातील मापाड्यानेच पुढे आपला माल काट्यावर आणावा, तसे हे झाले.

त्यांच्या संस्थेच्या दोन चरित्रमालिकांचे भवितव्य परस्परांहून अगदी भिन्न ठरले. ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर : महामानवाची गौरवगाथा’ ही मालिका ‘स्टार प्रवाह’वर मे 2019 पासून ऑक्टोबर 2020 पर्यंत चालली. ‘सावित्रीजोती’ ही ‘सोनी मराठी’वर जानेवारी 2020 मध्ये, म्हणजे तेव्हाच्या उस्मानाबादेस साहित्य संमेलन भरले त्याच महिन्यात, सुरू झाली. मार्चमध्ये साथीमुळे सर्वच चित्रीकरणे थांबली, आणि डिसेंबरात अपुऱ्या प्रेक्षकसंख्येच्या कारणाने ती बंद करण्यात आली. त्या वेळी साऱ्या देशाची आवड सुमारे 44 हजार घरांतील यंत्रांवरून मोजली जात होती. आपल्या जिल्ह्याच्या वाट्यास त्यांतील किती घरे येत असतील, याचा अंदाज वाचकांनीच करावा. तथापि सारा दोष यंत्रावर टाकणे प्रस्तुत लेखकास मान्य नाही. या मापाचे गुणदोष वैद्य यांच्याइतके जवळून जाणणारे निर्माते थोडेच असतील. आणि तरीही त्यांनी हा विषय दैनंदिन मालिकेच्याच साच्यात घातला.

पहिली मालिका टिकली याचे एक कारण मालिकेबाहेर शोधावे लागते. याच जिल्ह्यातील कसबे तडवळे येथे 1941 साली बाबासाहेबांच्या उपस्थितीत महार-मांग वतनदारांची परिषद झाली होती. अशा गावागावांच्या आठवणींनी, जयंतीच्या मिरवणुकांनी व भीमगीतांनी श्रोतृवर्ग आधीच घडविलेला होता. मालिकेने त्याला केवळ हाक दिली. सावित्रीबाई मात्र पुष्कळ घरांना शाळेच्या भिंतीवरील तसबिरीपुरत्याच ठाऊक. त्यांच्यासाठी प्रेक्षक घडवावा लागणार होता, आणि त्यास अवधी लागतो. वाहिनीचा हिशेब तर आठवड्याचा.

शिवाय साच्याचीही एक ओढ असते. दैनंदिन मालिकेला रोज एक पेच हवा असतो, आणि तो घराच्या उंबरठ्याआतच सहज सापडतो. 1849 मध्ये जोतीराव व सावित्रीबाई यांना घर सोडावे लागले, हा प्रसंग या साच्यास सोयीचा आहे. पण ‘गुलामगिरी’तील (1873) युक्तिवाद, किंवा मुक्ता साळवे या विद्यार्थिनीने 1855 मध्ये ‘ज्ञानोदया’त निबंध लिहून धर्मास विचारलेला जाब, यांत सासू-सुनेच्या वादासारखा पेच नाही, तेथे विचार हाच संघर्ष आहे. तो रोज अर्धा तास रंगविण्याचे तंत्र मराठी मालिकेने अद्याप घडविलेले नाही. वैद्य यांच्यापाशी अनुभव व आस्था ही दोन्ही असल्याने ही अपेक्षा त्यांच्याकडून अधिक होती, एवढेच.

या मर्यादा मान्य करूनही, कौटुंबिक कलहांच्या गर्दीत त्यांनी हे दोन विषय निवडले, ही त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत महत्त्वाची गोष्ट होय. दोन्ही मालिकांच्या संहिता अभ्यासकांना उपलब्ध झाल्या, तर चरित्रग्रंथातील कोणता भाग पडद्यावर आला व कोणता गळाला, हे शेजारी शेजारी ठेवून पाहता येईल. आपल्या पदव्युत्तर विद्यार्थ्यांपैकी कोणी हे काम हाती घ्यावे.