फलकनुमा : आकाशाचा आरसा आणि जमिनीचा हिशेब

मराठीत फलक म्हणजे पाटी, तर फारसीत फलक म्हणजे आकाश. हैदराबादला चारमिनारच्या दक्षिणेस सुमारे पाच किलोमीटरवर, टेकडीवर उभ्या असलेल्या फलकनुमा राजवाड्याचे नाव दुसऱ्या अर्थाचे आहे. आज तिथे जाणाऱ्याला भेटणारा इतिहास मात्र पहिल्या अर्थाचा, म्हणजे पाटीवर मावेल एवढाच असतो : 'निजामाचा राजवाडा.' माझा आक्षेप या 'निजामाचा' शब्दापासून सुरू होतो.

इतिहासाची पदवी माझ्यापाशी नाही. मी मराठवाड्यातला. जमिनीचे जुने कागद लागावेत म्हणून उर्दू शिकलो आणि त्याच वाटेने पायगा जहागिरींपर्यंत आलो. फलकनुमा ही वास्तू निजामाने बांधलेलीच नाही. १८८४ साली तिचा पाया घातला तो पायगा घराण्यातील नवाब विकार-उल-उमरा यांनी. ते सहावे निजाम मीर महबूब अली खान यांचे मेहुणे आणि पुढे संस्थानचे दिवाण. पायगा म्हणजे निजामाच्या खास फौजेचा खर्च चालवण्यासाठी लावून दिलेला मुलूख. संस्थानच्या तेलुगू, मराठी आणि कन्नड भागांत तो विखुरलेला होता. कागदोपत्री घोडदळासाठी असलेल्या त्या महसुलावर एका उमरावाचे ऐश्वर्य उभे राहत होते, हे आधी ध्यानात घेतले पाहिजे.

दुसरा प्रश्न शैलीचा. इटालियन संगमरवर, दोन मजल्यांवरची स्तंभांची रांग, मोजूनमापून साधलेला समतोल ही नवअभिजात शैली. तिला आपल्याकडे सरसकट 'विलायतेची नक्कल' म्हटले जाते. मला ते पुरेसे वाटत नाही. हैदराबादेत ही शैली एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीच आली होती. मुसा नदीकाठी ब्रिटिश रेसिडेन्सी याच थाटात उभी राहिली, तीही निजामाच्या पैशाने. ऐंशी वर्षे हैदराबादकरांनी स्तंभांची ती भाषा हुकमाची भाषा म्हणून ऐकली. विकार-उल-उमरांनी तीच भाषा शहराच्या दुसऱ्या टोकाला, अधिक उंचीवरून उच्चारली. ही नक्कल कमी आणि प्रत्युत्तर जास्त. पण दर्शनी महालाच्या मागे गेले की जनाना महालाची दालने लागतात. पाहुण्यांना दाखवायचे पुढे आणि घरातले जगणे मागे, अशी ही वास्तूची सरळ विभागणी आहे.

१८९७च्या सुमारास राजवाडा निजामाकडे गेला. त्याच्या दोन कथा सांगतात. एकीत निजाम पाहुणे म्हणून आले, वास्तू आवडली आणि यजमानाने ती नजर केली. दुसरीत बांधकामाने नवाब कर्जात बुडाले आणि निजामाने रक्कम देऊन वास्तू घेतली. बरेच लेखक यांपैकी एक खरी मानून दुसरी खोडतात. मला त्यांत विरोध दिसत नाही. दरबारी रिवाजात 'नजर' हा एकतर्फी व्यवहार नव्हता. नजर केलेल्या वस्तूला धनी हात लावी, कधी परत करी, कधी तिची भरपाई देई. अदब राखून केलेली विक्री नजराण्याचेच रूप घेणार. पाहुण्यांना मात्र पहिली कथाच गोड लागते, कारण तीत कर्ज नाही.

आणि कर्ज वगळले की तो काळही वगळला जातो. विकार-उल-उमरा १९०१पर्यंत दिवाण होते. त्याच काळात १८९९-१९००चा दुष्काळ पडला. त्याचा सर्वांत मोठा तडाखा औरंगाबाद, बीड, परभणी या मराठी जिल्ह्यांना बसला. १८९१च्या खानेसुमारीत बीड जिल्ह्यात सुमारे ६ लाख ४२ हजार माणसे होती. १९०१ला ४ लाख ९२ हजार उरली. 'हैदराबाद गॅझेटियर' हा शब्द आज मराठवाड्यात चहाच्या टपरीवरही ऐकू येतो. प्रत्येक जण त्यात आपल्या जातीची नोंद शोधतो. हा दीड लाखांचा खड्डा पाहायला कोणी थांबत नाही. राजवाड्यामुळे दुष्काळ पडला असे मी म्हणत नाही. पाऊस कोणा नवाबाच्या हाती नव्हता. पण महसूल ज्या रयतेकडून येत होता, तिचे त्याच दशकात काय झाले हे त्या वास्तूच्या इतिहासाबाहेरचे कसे?

पुढचा प्रवास ठाऊक आहे. महबूब अली पाशा १९११ साली इथेच वारले. सातव्या निजामाने किंग कोठीत राहणे पसंत केले आणि फलकनुमा शाही पाहुण्यांपुरता उरला. १९५१ साली डॉ. राजेंद्रप्रसाद येऊन गेले, त्यानंतर दारे जवळजवळ बंदच राहिली. राजकन्या एसरा यांच्या देखरेखीखाली दहा वर्षे जीर्णोद्धार झाला आणि नोव्हेंबर २०१०मध्ये ताज समूहाचे हॉटेल सुरू झाले. ते झाले नसते तर छते कोसळली असती, हे प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. वारसा जपायला पैसा लागतो आणि पैसा देणाऱ्याला सुखाची कथा हवी असते.

तिथल्या भोजनगृहात एकशे एक जणांचे टेबल आहे. २०१७ साली त्यावर परदेशी पाहुण्यांसाठी सरकारी मेजवानी झाली. त्या टेबलाची लांबी सगळे सांगतात. माझे मागणे लहान आहे. ते सांगताना दोन वाक्ये जोडावीत : हे घर एका पायगा नवाबाने बांधले आणि त्याचा खर्च दूरच्या काळ्या जमिनीतून आला. आकाशाचा आरसा म्हणवणाऱ्या वास्तूत जमीनही दिसायला हवी.