बांगडा ओळखला, पण पाहिला का?

मे महिन्याची सुट्टी संपली की मालवणात आलेली चाकरमान्यांची मुले मुंबईला परतात आणि इथल्या मुलांचे खेळगडी एकदम निम्मे होतात. गेल्या काही वर्षांत मुलांनी त्यावर स्वतःच एक तोड काढली आहे. रविवारी संध्याकाळी, वीज आणि रेंज दोन्ही जागेवर असतील तर, इकडची आणि तिकडची मुले मोबाइलवर चित्र काढण्याचा आणि ओळखण्याचा खेळ खेळतात. एकाने दिलेल्या शब्दाचे चित्र काढायचे, बाकीच्यांनी तो शब्द ओळखून लिहायचा. हा खेळ वर्गात वापरावा असे आता शिक्षकांच्या बैठकांतूनही सुचवले जाते. म्हणून आम्ही काही शिक्षक मुलांबरोबर बसून तो खेळलो, आणि शब्दही आम्हीच पुरवले.

एका डावात एका मुलाच्या वाट्याला ‘बांगडा’ हा शब्द आला. त्याने क्षणभर विचार केला आणि मासा न काढता मनगट काढले, मनगटावर चार-पाच गोल कडी काढली. मुंबईच्या बहिणीने ‘बांगडी’ असे लिहिले. खेळाने ‘जवळ आलात’ असा इशारा दिला. लगेच तिने ‘बांगडा’ लिहिले आणि दोघांनाही भरपूर गुण मिळाले.

आधीच्या रविवारी हाच शब्द एका मुलीला आला होता. तिच्या घरचे लोक रापणीला जातात. तिने निमुळते अंग काढले, पाठीवरचे ठिपके काढले, शेपटीजवळचे बारीकबारीक पर काढायला घेतले, आणि वेळ संपली. मुंबईची मुले ‘मासा’, ‘मासे’, ‘शार्क’ असे लिहीत राहिली. तिला शून्य गुण मिळाले.

या दोन चित्रांपैकी विज्ञानाच्या शिक्षकाने कोणते पसंत करावे? या खेळाचे परीक्षण आम्ही हा प्रश्न समोर ठेवूनच करणार आहोत.

खेळ जुनाच, माध्यम नवे

कागदावर हा खेळ घरोघरी कधीपासून खेळला जात असेल, ते सांगणे कठीण. पेटीत घालून विकला जाणारा त्याचा प्रसिद्ध अवतार म्हणजे ‘पिक्शनरी’. रॉब एंजल यांनी तो १९८५ साली अमेरिकेतील सिॲटल येथे बाजारात आणला. इंटरनेटवर आज ‘स्क्रिबल.आयओ’सारखे अनेक खेळ आहेत. त्यांची घडण साधारण सारखीच असते. खेळगड्यांची एक खासगी खोली तयार करता येते, वेळ ठरवता येतो, आपले शब्दही घालता येतात. जो लवकर ओळखेल त्याला जास्त गुण मिळतात आणि जितके जास्त लोक ओळखतील तितके चित्र काढणाऱ्याला अधिक गुण मिळतात. आम्ही खेळलो तो याच जातीचा एक खेळ होता. पुढे सांगितलेल्या अडचणी या जातीच्या खेळांच्या घडणीतूनच येतात, म्हणून त्याचे नाव देण्याचे कारण नाही.

आधी गुणाची बाजू पाहू. मूल चित्र काढता काढता समोरच्याच्या डोक्यात शिरायला शिकते. ‘मला हे काय आहे ते ठाऊक आहे, पण त्याला कसे कळेल?’ हा विचार साधा नाही. चांगले शिकवणे त्यावरच उभे असते. ओळखणारी मुले अर्ध्या रेषेवरून तर्क करतात, पुढची रेषा आली की तो सोडून दुसरा करतात. चुकीचा तर्क लाज न वाटता सोडून देणे ही विज्ञानाची मोठी शिकवण आहे, आणि वर्गात हात वर करायला बिचकणारे मूलही इथे एका मिनिटात दहा वेळा बिनदिक्कत चुकते.

बांगड्यांची युक्तीही सामान्य नव्हे. एका वस्तूचे चित्र काढून तिच्या नावाच्या उच्चाराने दुसरीच वस्तू सुचवायची, या युक्तीला मानवाच्या इतिहासात मोठे स्थान आहे. प्राचीन इजिप्त आणि सुमेर येथील चित्रांची लिपी होत गेली, त्यात या युक्तीचा वाटा होता. त्या मुलाला शाबासकी द्यायलाच हवी. फक्त ती भाषेच्या तासाला द्यावी, कारण त्याच्या चित्रात बांगडा कुठेच नव्हता.

ओळखीची खूण आणि पाहिलेली वस्तू

‘मासा’ हा शब्द आला की आमच्या मुलांनी काय काढले? आडवा लंबगोल, मागे त्रिकोणी शेपटी, पुढे डोळ्याचा ठिपका. सगळ्यांचे चित्र हेच, आणि ते काही सेकंदांत ओळखले गेले. जेटीवर रोज सकाळी लिलावात दहा-वीस जातींची मासळी पाहणारी ही मुले! ‘होडी’चीही तीच गत झाली. खाली अर्धचंद्र, वर त्रिकोणी शीड. किनाऱ्यावर उलांडी लावलेल्या होड्या आणि इंजिनाच्या नौका ओळीने उभ्या असतात, पण उलांडी कोणीच काढली नाही. काढली असती तर घाटावरच्या खेळगड्याला ती काय आहे ते कळले नसते आणि गुण गेले असते, हे मुलांना बरोबर ठाऊक होते.

लहान मूल डोळ्यांना दिसते ते न काढता मनाला ठाऊक असते ते काढते, असे फ्रेंच अभ्यासक ल्युके यांनी १९२७ साली प्रसिद्ध झालेल्या बालचित्रांवरील ग्रंथात मांडले. मोठे होता होता मूल निरीक्षणाकडे वळावे, अशी आपली शिक्षक म्हणून धडपड असते. हा खेळ त्याला उलट दिशेने ओढतो. इथे मूल दिसते तेही काढत नाही आणि स्वतःला ठाऊक असते तेही काढत नाही. सगळ्यांना ठाऊक असलेली खूण तेवढी काढते. घड्याळ जितके घाईचे, तितकी ही ओढ अधिक.

ही ओढ किती बलवान असते याचे मोठे उदाहरण उपलब्ध आहे. गूगलने २०१६ साली ‘क्विक, ड्रॉ!’ नावाचा खेळ काढला. त्यात चित्र वीस सेकंदांत काढायचे असते आणि ओळखणारा माणूस नसून संगणक असतो. जगभरच्या लोकांनी काढलेल्या सुमारे ५ कोटी चित्रांचा संग्रह गूगलने २०१७ साली अभ्यासकांना खुला केला. त्यात ३४५ विषयांची चित्रे आहेत. त्याच वर्षी यंत्राच्या पूर्वग्रहांविषयी गूगलने काढलेल्या एका चित्रफितीत बुटाचे उदाहरण दिले आहे. बहुतेकांनी एकाच घाटाचे बूट काढले, त्यामुळे वेगळ्या घाटाचे बूट यंत्राला बूट वाटेनात. यंत्र बहुमतावर शिकले होते. आमच्या खोलीत यंत्र नव्हते, पण ठिपक्यांच्या बांगड्याचे तसेच झाले.

‘आंबो’ला शून्य गुण

दुसरा आक्षेप भाषेचा आहे. आम्ही खेळलो त्या खेळाच्या भाषांच्या यादीत आम्हाला मराठी सापडली नाही, म्हणून शब्द आपणच टंकित करून घालावे लागले. ते घालता येतात ही सोय चांगली. पण हा खेळ रोमन लिपी डोळ्यांसमोर ठेवून घडवलेला आहे, हे लगेच जाणवते.

शब्दात अक्षरे किती, हे खेळ खाली आडव्या रेघा मारून दाखवतो. ‘कुर्ली’ हा शब्द घातला तर रेघा सहा आल्या. कुठल्याही मुलाला विचारा, कुर्लीत अक्षरे दोन. मग सहा कुठून आली? संगणकात देवनागरी साठवताना क, उकार, र, हलन्त, ल, ईकार असे सहा संकेत लागतात आणि खेळ तेच मोजतो. वेळ संपत आली की तो मदत म्हणून एखादे ‘अक्षर’ उघडे करतो. आम्हाला दिसला तो कशाच्याही आधाराशिवाय लोंबणारा उकार! मुले पोट धरून हसली. युनिकोड म्हणजे काय, हे सांगायला मात्र ही फार चांगली संधी आहे, ती शिक्षकांनी सोडू नये.

हसण्यावारी नेता येणार नाही अशी गोष्ट पुढे घडली. आंब्याच्या चित्रावर एका पहिलटकर खेळाडूने सर्वांत आधी ‘आंबो’ असे लिहिले. ‘बांगडो’चेही तेच. खेळ म्हणाला, जवळ आहात. तोवर दुसऱ्याने ‘बांगडा’ लिहून गुण नेले. त्या मुलाने आमच्याकडे वळून विचारले, “बाई, बांगडोच असा तो. मगे चुकला कित्याक म्हणता?” आमच्यापाशी चांगले उत्तर नव्हते. मुलाने चित्र ओळखले होते, मासा ओळखला होता, नावही अचूक घेतले होते. ते त्याने घरच्या मालवणीत घेतले एवढेच. ऱ्हस्व-दीर्घाच्या चुकीलाही हीच शिक्षा मिळते. म्हणजे ओळखण्याची परीक्षा म्हणून सुरू झालेला खेळ नकळत शुद्धलेखनाची परीक्षा होतो, आणि ज्या मुलाला वस्तूची ओळख सर्वांत जवळची, तेच मागे पडते. वर्गात आपण ‘आंबो’ लिहिणाऱ्या मुलाला समजून घेऊ शकतो. यंत्र समजून घेत नाही, आणि त्याचा निकाल मुलांना आपल्या निकालापेक्षा निःपक्षपाती वाटतो. धोका आहे तो इथे.

नियम बदलून पाहिले

मग आम्ही मोबाइल बाजूला ठेवून हाच खेळ फळ्यावर घेतला. तीन बदल केले.

पहिला बदल शब्दांचा. सगळे शब्द एकाच कुळातले घेतले आणि यादी आधीच फळ्यावर लिहून ठेवली: बांगडा, सुरमई, पापलेट, तारली, रावस, मोरी, वागळी, लेपा. आता लंबगोल आणि त्रिकोण निरुपयोगी ठरला. सगळेच मासे, तर खूण फरकाची हवी. मुले फरक शोधू लागली. सुरमईच्या लांब अंगावर उभे पट्टे असतात. पापलेट जवळजवळ चौकटच्या पानासारखे असते. मोरीच्या कल्ल्यांवर झाकण नसते, नुसत्या फटी दिसतात, आणि शेपटीचा वरचा भाग खालच्यापेक्षा मोठा असतो. रावसाच्या छातीखाली मिशांसारखे तंतू असतात. लेप्याचे दोन्ही डोळे एकाच अंगावर असतात. पिल्लू असताना ते दोन बाजूंना असतात आणि वाढताना एक डोळा पलीकडे सरकतो, हे सांगितल्यावर तास त्यातच संपला.

दुसरा बदल वेळेचा. घड्याळ काढून टाकले. लवकर ओळखण्याला जादा गुण नाहीत, आणि मालवणी उत्तर पूर्ण गुणांचे.

तिसरा बदल महत्त्वाचा. नुसते नाव सांगून चालणार नाही, ‘कशावरून?’ तेही सांगायचे. ‘पट्टे आहेत म्हणून सुरमई’ असे उत्तर आले तरच गुण. याला जोडून एक हिशेबही घेता येतो. आठ माशांतून एक ओळखायचा आहे. प्रत्येक प्रश्नाला निम्मे मासे गळतील असे प्रश्न निवडले तर तीन प्रश्न पुरतात, सोळा मासे असतील तर चार. प्राणी-वनस्पती ओळखण्याच्या शास्त्रीय तक्त्यांमागे हीच कल्पना असते. मुले तीन प्रश्नांची निवड करता करता वर्गीकरण शिकली. ‘वर्गीकरण’ हा शब्द आम्ही नंतर सांगितला.

या प्रकाराला रेंज लागत नाही, हा आणखी एक फायदा. तोटा असा की मुंबईची भावंडे त्यात नसतात, आणि मुलांनी तो लगेच बोलून दाखवला.

उत्तर कोणाकडेच नसेल तर?

एक मर्यादा मात्र नियम बदलूनही जात नाही. या खेळात बरोबर उत्तर कोणाला तरी आधीच ठाऊक असते. विज्ञानात तसे नसते. याचे उदाहरण आमच्याच तालुक्यात आहे. कुडोपीच्या सड्यावर जांभ्या दगडात कोरलेली कातळशिल्पे आहेत. युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत २०२२ साली कोकण-गोव्यातील ज्या नऊ ठिकाणांच्या कातळशिल्पांचा समावेश झाला, त्यांत सिंधुदुर्ग जिल्ह्यातले हे एक ठिकाण. त्यातल्या काही आकृती माणसाच्या वाटतात, काही माशांच्या किंवा प्राण्यांच्या, आणि काही कशाच्या असाव्यात ते ठरवता येत नाही. चित्र काढणारा गेला, शब्द सांगणारा कोणी नाही. तिथे ‘बरोबर’ अशी घंटा वाजत नाही; ‘कशावरून?’ एवढाच प्रश्न उरतो. मुलांची सहल सड्यावर नेलीत तर प्रत्येकाने एक आकृती वहीत उतरवावी, आपला तर्क आणि त्याचे कारण लिहावे. शिल्पांवर पाय देऊ नये आणि खडूने रेषा गिरवू नयेत, हे आधी बजावून सांगावे.

आमचा अभिप्राय असा. भावंडांना जोडणारा रविवारचा खेळ म्हणून तो मुलांना खुशाल खेळू द्यावा. त्यात गंमत आहे, तर्क आहे आणि दूर गेलेल्या खेळगड्यांची सोबत आहे. निरीक्षण शिकवण्याचे साधन म्हणून मात्र तो आहे तसा वर्गात आणू नये. शब्दांची यादी, घड्याळ आणि गुणांचा निवाडा या तीन गोष्टी शिक्षकाच्या हातात आल्यावरच आणावा.

पावसाळी मासेमारीबंदी उठल्यावर त्या मुलीचे अर्धे राहिलेले चित्र आम्ही फळ्यावर पुरे करून घेतले. शेपटीजवळचे बारीक पर वरच्या बाजूला किती, पाच की सहा, यावर वर्गात दोन तट पडले. दुसऱ्या दिवशी तिने डब्यातून बांगडा आणला. मुलांनी टाचणीने एकेक पर उचलून मोजला. वर पाच भरले, खालीही पाच.