यील्ड ९८ टक्के? पण कुठलं यील्ड?

सिंथेसिसचा पेपर उघडला की आपली नजर आधी यील्डच्या रकान्यावर जाते. ९६, ९८, ९९! मग तीच रिअ‍ॅक्शन आपल्या हातून ७१ वर अडते आणि वाटतं, आपल्यालाच जमत नाही. थांबा. तो आकडा कशाचा आहे ते आधी बघा.

टीएलसीवर सुरुवातीच्या पदार्थाचा ठिपका गेला, म्हणजे कन्व्हर्जन पूर्ण झालं, यील्ड नव्हे. त्यातला निम्मा माल भलत्याच पदार्थात गेला असेल तर यील्ड ५०च. एनएमआर यील्ड सांगतं, फ्लास्कमध्ये किती प्रॉडक्ट तयार झालं. आयसोलेटेड यील्ड म्हणजे कॉलम करून, सुकवून, शुद्ध स्वरूपात हातात किती आलं. पेपरात पुष्कळदा रकान्यावर नुसतं ‘यील्ड’ असतं आणि खुलासा तळटीपेत, नाहीतर सपोर्टिंग इन्फॉर्मेशनमध्ये दडलेला. हे मला अजिबात पटत नाही.

वेर्नेरोव्हा आणि हुडलिकी यांनी २०१० साली ‘सिनलेट’मध्ये एक्स्ट्रॅक्शन, सिलिकातून गाळणं, कॉलम यांत किती माल हरवतो ते मोजून दाखवलं. त्यांचा निष्कर्ष: एवढं सगळं केल्यावर ९४च्या वरचं यील्ड विद्यापीठातल्या नेहमीच्या लॅबमध्ये शक्यच नाही. हा लेख वाचा, मग ९९चे रकाने पुन्हा बघा.

माझं स्वतःचं पहिलं यील्ड १०४ टक्के होतं. (हसू नका.) एनएमआर काढला तर ४.१२, २.०५ आणि १.२६ला इथिल अ‍ॅसिटेट ठाण मांडून बसलेलं! रात्रभर व्हॅक्यूमवर ठेवलं, उरले ८९. वहीत दोन्ही आकडे आहेत, कारणासकट.