'रडणाऱ्या उंटिणीची कथा' : परंपरेचे चित्रण आणि त्याची मर्यादा

ब्यांबासुरेन दवा आणि लुईजी फालोर्नी यांचा 'रडणाऱ्या उंटिणीची कथा' (२००३) हा चित्रपट मोंगोलियाच्या गोबी प्रदेशातील एका पशुपालक कुटुंबाविषयी आहे. कथानक अल्प आहे. कष्टप्रद प्रसूतीनंतर एक उंटीण आपल्या पांढऱ्या पिलास अव्हेरते. कुटुंबातील दोन मुले दूरच्या ठाण्याला जाऊन वादकास निरोप देतात. मोरिन् खूरचे स्वर आणि स्त्रीचे आळवणे यांनी उंटिणीस पान्हा फुटतो व तिच्या डोळ्यांतून अश्रू ओघळतात.

हा प्रसंग चमत्कार म्हणून पाहिला जाण्याचा संभव आहे; परंतु तसे पाहणे हा कलाकृतीवर अन्याय होय. पिलास वाचविण्याची धडपड दिग्दर्शक सावकाश दाखवितात; त्यामुळे गायन हे भावविलास नसून पशुपालनाचेच एक कौशल्य आहे, हे प्रेक्षकास उमगते. मेंढी, शेळी व उंटीण यांना आळविण्याचे शब्दही मोंगोल पशुपालकांत वेगवेगळे आहेत. उंटिणीने पिलू नाकारले, तर पिलू दगावते आणि दूधही जाते. करुणा व उपयुक्तता यांची ही अभिन्नता हेच या चित्रपटाचे खरे यश होय.

तथापि एक उणीव राहतेच. येथील जीवन जणू कालातीत भासते. वस्तुतः १९५० च्या दशकाच्या अखेरीस मोंगोलियातील बहुसंख्य पशुपालक सहकारी संघांत सामील केले गेले होते आणि १९९० नंतरच्या काही वर्षांत ते संघ विसर्जित होऊन कळप खाजगी झाले. म्हणजे कुटुंबातील वडीलधाऱ्या पिढीने ही दोन्ही स्थित्यंतरे पाहिलेली असणार. त्यांचा मागमूस चित्रपटात नाही. बदल येतो तो केवळ धाकट्या मुलास वाटणाऱ्या दूरचित्रवाणीच्या ओढीतून. आणि त्यामुळे परंपरेचा शत्रू फक्त यंत्र आहे, असा सोपा समज होतो.

२०१५ मध्ये युनेस्कोने उंटिणीला आळविण्याच्या या विधीची नोंद तातडीच्या संरक्षणाची गरज असलेल्या वारशात केली. या नोंदीच्या प्रकाशात चित्रपटाचे मोल वाढते, तशी त्याची मर्यादाही स्पष्ट होते. मालकीची व्यवस्था दोनदा पालटूनही जे कौशल्य टिकले, ते कोणत्या बळावर टिकले, हा प्रश्न अश्रूंच्या ओघात अनुत्तरित राहतो. विधी जपावयाचा, तर तो ज्या कळपांसाठी आहे ते कळप आधी टिकले पाहिजेत.