गोडसे भटजींच्या प्रवासातील पाणी

नगराचे आरोग्य त्याच्या पाण्यावर अवलंबून असते, हे बऱ्हाणपूरकरांस सांगावयास नको. अब्दुल रहीम खानखानानच्या काळी, १६१५ च्या सुमारास, सातपुड्याचे झिरपते पाणी भुयारांतून शहरात आणणारा कुंडीभंडारा त्यांच्या परिचयाचाच आहे. हीच जाणीव ठेवून विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’ पुन्हा वाचावा, म्हणजे तो केवळ झाशीच्या राणीची कथा नव्हे, हे ध्यानी येईल.

पेणजवळील वरसईचे हे भिक्षुक, कुटुंबावरील कर्ज फेडण्याच्या आशेने, १८५७ साली काका रामभटांसह बायजाबाई शिंदे यांच्या यज्ञासाठी उत्तरेस निघाले आणि बंडाच्या वावटळीत सापडले. १८५८ चा झाशीचा वेढा त्यांनी शहरात राहून अनुभवला. ग्रंथाचे सामर्थ्य याच भागात आहे. सेनापतींचे डावपेच भटजींना फारसे कळत नाहीत. घर कसे मोडते, हे मात्र अचूक कळते. लपून बसलेल्यांची तहान, सोन्यानाण्यानंतर भांडी, वस्त्रे नि धान्य यांवर आलेली लुटीची पाळी, रस्त्यांत रचून पेटविलेले प्रेतांचे ढीग, हे सारे ते साध्या शब्दांत सांगतात. सार्वजनिक आरोग्य हा शब्द त्यांच्या कोशात नव्हता. परंतु स्नान, शौच, सोवळे यांवर ज्याचा दिवस उभा, त्याला पाणी आटले आणि वायू दूषित झाला की युद्धाचे खरे रूप दिसते. आचारधर्माची ही दृष्टीच येथे साक्षीदाराची दृष्टी झाली आहे.

दोषही सांगितले पाहिजेत. मीरत, कानपूर येथील हकिकती ऐकीव असून तेथे इतिहास व वदंता यांची सरमिसळ होते. घरातील स्त्रियांचे हाल दिसतात, पण त्यांचे बोलणे क्वचितच ऐकू येते. काल्पीच्या वाटेवर विहिरीपाशी भेटलेली तहानलेली राणी मात्र बोलते. ब्राह्मणाने आपल्यासाठी पाणी काढू नये असे म्हणून ती स्वतःच पोहरा ओढते. सिंहासन गेलेल्या स्त्रीचे इतके घरगुती आणि इतके करारी चित्र अन्यत्र विरळाच.

चिंतामणराव वैद्य यांच्या आग्रहावरून लिहिलेला हा ग्रंथ त्यांनीच १९०७ मध्ये प्रसिद्ध केला, तो फेरफार करून. मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदार यांनी सिद्ध केलेली आवृत्ती १९६६ ची. रसिकांनी तीच मिळवावी. गंगेची कावड घेऊन वरसईस परतणाऱ्या भटजींचा स्वतःचा आवाज तीतच ऐकू येतो.