कवडसा पडतो तेव्हा

वैशाखातली दुपार. अंगणात डोळे उघडवत नाहीत असे पांढरे ऊन, आणि आत, शेणाने सारवलेल्या माजघरात, डोळे निवावेत असा काळोख. उंबरा ओलांडून आत आलेल्याला क्षणभर काहीच दिसत नाही. मग हळूहळू भिंतीची कड, कोनाडा, दांडीवरचे लुगडे असे एकेक उमटू लागते. पण या सगळ्याच्या आधी दिसलेली असते ती जमिनीवरची एक चकती, दहाच्या नाण्याएवढी, इतकी तेजाळ की लहान मूल ती उचलायला वाकावे आणि त्याच्या मुठीत काहीच न येता ती मुठीवरच येऊन बसावी. वर पाहावे तर आढ्याजवळ एक कौल वानराच्या उडीने बोटभर सरकलेले. त्या चकतीला आपल्या भाषेने दिलेला शब्द आज थोडा वेळ त्या मुलासारखाच हातावर घेऊन पाहू या. कवडसा.

आधी नुसता उच्चारून बघा. लिहिताना अक्षरे चार, पण बोलताना तोल तिनांवरच सावरतो : क, वड्, सा. 'वड्'पाशी जीभ टाळ्याला लागून अडते, छपरावर काहीतरी खुट्ट झाल्यासारखी, आणि मग 'सा' म्हणताना श्वास मोकळा होऊन सरळ खाली घसरत जातो. कौल हलल्याचा आवाज आणि त्यातून आत निसटलेले ऊन, दोन्ही या तीन ठोक्यांत आली. माझ्या कानाला या शब्दाच्या शेजारी नेहमी दोघे बसलेले दिसतात, कवडी आणि कवाड. एकीचा तो इवलासा गुळगुळीत आकार, दुसऱ्याची किलकिली फट. हे मी व्युत्पत्ती म्हणून सांगत नाही. शब्द मनात कुणाच्या पंक्तीला बसतो, त्यावरही त्याची चव ठरत असते, एवढेच.

उजेडासाठी आपल्याकडे शब्दांचा तुटवडा कधीच नव्हता. किरण आहे, शलाका आहे, झोत आहे, तिरीप आहे. पण यांची क्रियापदे शेजारी शेजारी मांडली, की कवडशाचे वेगळेपण कसे लख्ख होते पाहा. किरण निघतो, त्याचे सगळे लक्ष तो जिथून आला त्या सूर्याकडे. झोत अंगावर येतो. शलाका चमकते, आणि बहुधा कवितेतच चमकते. सगळ्यांत जवळची ती तिरीप, जणू कवडशाची धाकटी बहीण. पण तिरीप तिरकी, सकाळ-संध्याकाळच्या कलत्या उन्हातली, दाराच्या फटीतून आत लांबलेली, तिला लांबी आहे, वाट आहे. कवडसा मात्र पडतो. तो पोचलेला उजेड आहे. किरण हे सूर्याच्या अंगणातून पाहिलेले ऊन, तर कवडसा हे आपल्या जमिनीवरून पाहिलेले. म्हणूनच उघड्या माळावर, जिथे उन्हाचा समुद्र आहे, तिथे हा शब्द उच्चारायची सोय नाही. कवडशाला आधी काळोख लागतो, मग त्या काळोखाला पडलेले एखादे भोक, आणि खाली त्याला झेलणारी जमीन. या तिघांतले एक जरी उणे असले तरी ऊन असते, कवडसा नसतो.

आता त्या चकतीकडे जरा निरखून पाहू, कारण तिच्यात एक गंमत दडली आहे. सरकलेल्या कौलाची फट काही गोल नसते; ती वेडीवाकडी, कधी त्रिकोणी, कधी नुसती चीर. तरीही खाली पडतो तो कवडसा गोल! फटीच्या अगदी जवळ हात धरला, तर हातावर फटीचाच आकार उमटेल. हात जसजसा खाली आणू, तसतसे ते कोपरे विरत जातील आणि जमिनीशी येईतो उजेड साजरा वाटोळा होईल. याचे कारण असे, की फट पुरेशी लहान आणि जमीन पुरेशी लांब असली, म्हणजे जमिनीवर पडते ते फटीचे रूप नसतेच. ते सूर्याचे प्रतिबिंब असते. आकाशातला सूर्य आपल्या डोळ्याला साधारण अर्ध्या अंशाचा दिसतो, त्यामुळे छिद्र जितके उंच, त्याच्या सुमारे एकशेआठव्या हिश्श्याएवढा हा गोल. छप्पर तीन मीटर उंच असेल तर कवडसा अठ्ठावीस मिलिमीटरांच्या आसपास, म्हणजे खरोखरच दहाच्या नाण्याएवढा. एकशेआठ हा आकडा वाचून कुणाचा हात जपमाळेकडे गेला, तर त्याला मी हसणार नाही. आपण ज्याला उन्हाचा तुकडा म्हणून ओलांडून जात होतो, तो अख्खा सूर्यच होता, उलटा होऊन शेणाच्या सारवणावर येऊन बसलेला. एखादा विरळ ढग सूर्यावरून सरकला, तर त्याचा पडदा या चकतीवरूनही सरकताना दिसतो, फक्त उलट्या दिशेने.

आणि तो बसलेला कुठे असतो? तो चालतोच आहे. सूर्याला आकाशात स्वतःच्या बिंबाएवढे अंतर कापायला सुमारे दोन मिनिटे लागतात. म्हणजे माजघरातला कवडसाही दर दोन मिनिटांनी स्वतःच्या रुंदीएवढा पुढे जातो. डोळ्यांनी ही चाल दिसत नाही. त्याच्या काठाशी तांदळाचा एक दाणा ठेवा, पाणी पिऊन या, दाणा उजेडात बुडालेला असेल. घड्याळ भिंतीवर चढण्यापूर्वी कितीतरी घरांतल्या बायकांनी या चालीवर चुली पेटवल्या आणि विझवल्या. कवडसा जात्यापाशी आला की भाताचे आधण, खांबाला टेकला की पानं घ्यायची. कवडशाने सांगितलेली वेळ अर्थात त्या एका घरापुरती खरी; शेजारणीच्या घरातले कौल वेगळे सरकलेले. शिवाय ऋतू पालटला की तोही आपली वाट पालटतो, आणि तेही हिशेबात धरलेले असे. पौषात दुपारीसुद्धा तो उत्तरेच्या भिंतीकडे ढकललेला, लांबुळका, अंड्यासारखा. मग उत्तरायणात रोज थोडा थोडा मागे येत, कोल्हापूर-रत्नागिरीकडे मेच्या पहिल्या पंधरवड्यात, पुण्यात १३ मेच्या सुमारास, मुंबईत त्यानंतर एक-दोन दिवसांनी, सूर्य भर माध्यान्ही नेमका डोक्यावर येतो, अंगणातल्या खांबाची सावली खांबाच्या पायातच नाहीशी होते, आणि आत कवडसा आपल्या छिद्राच्या नीट खाली, ओळंबा सोडल्यासारखा उभा राहतो.

उभा राहतो म्हटले खरे, पण उभा दिसतो तो कशाने? जमिनीवरची चकती आणि वरचे छिद्र यांच्यामधला तो सोनेरी खांब खरे तर धुळीचा असतो. कुणी नुकताच केर काढलेला असावा, तेव्हा तर तो इतका भरीव भासतो की टेकायचा मोह व्हावा. त्यातले कण वर चढतात, वळतात, क्षणभर चकाकतात आणि काठाबाहेर पाऊल टाकताच अस्तित्वातून पुसले जातात. आपल्या पूर्वजांनी या कणाला नाव दिले, त्रसरेणू, आणि नुसते नाव देऊन ते थांबले नाहीत. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात सोन्या-रुप्याच्या वजनांचे कोष्टक आहे, त्याची पहिली पायरी हाच कण, जाळीतून आलेल्या उन्हात दिसणारा. असे आठ त्रसरेणू म्हणजे एक लिक्षा, म्हणजे लीख. तीन लिक्षांची एक काळी मोहरी, तीन काळ्या मोहऱ्यांची एक पांढरी, सहा पांढऱ्या मोहऱ्यांचा एक जव आणि तीन जवांची एक गुंज. गुणाकार करून पाहिला, तर एका गुंजेत १२९६ त्रसरेणू भरतात! कुणी ते मोजले असतील असे नाही. पण सोनाराच्या तराजूचा हिशेब ज्याने सुरू करायचा, ते सगळ्यांत लहान वजन शोधायला या माणसांनी डोळे नेले कुठे, तर कवडशात. वैशेषिक तत्त्वज्ञांनी त्याच कणाला दृश्य जगाचा उंबरठा मानले : त्याच्या अलीकडे द्व्यणुक आणि परमाणू, ते अनुमानाने जाणायचे, त्रसरेणूपासून पुढे डोळ्यांचे राज्य. माजघरात पडल्या पडल्या धुळीकडे पाहत राहिलेल्या पोराला 'काय बघतोस रे रिकामा' म्हणून हटकण्याआधी आपण हे आठवलेले बरे.

कवडशाला व्यवहारही ठाऊक होता. पावसाच्या तोंडावर घर शाकारायचे, तेव्हा कौले चाळायला वर चढलेल्या गड्याला खालून घरधनीण सांगे, देवघरापाशी दोन पडतायत, वळईत एक. जिथून ऊन उतरले, तिथून आषाढात धार उतरणार हे ठरलेले. म्हणजे वैशाखातला कवडसा हा गळतीचा आगाऊ निरोप. तो बुजवायचा आणि तरी घरात उजेड हवा, या पेचातून काचेचे कौल आले. १८६५ मध्ये मंगळूरला बासेल मिशनने कौलांचा कारखाना काढला, त्या चपट्या तांबड्या कौलांच्या ओळीत त्याच घाटाचे एखादे काचेचे बसवले, की खाली स्वयंपाकघरात चांगला हातभर उजेड. घाटावरच्या मातीच्या माळवदांना धूर जायला आणि उजेड यायला वर सानं ठेवलेले असे, तेही याच गोत्राचे. मात्र सान्यातून येणारा उजेड मोठा, आणि काचेच्या कौलाखालचा चौकोनी. दोन्ही सोयीचे, मागवलेले. नुसत्या 'कवडसा' या शब्दात जे अनाहूतपण आहे, न बोलावता आलेल्या पाहुण्याचे, ते या दोघांत मला तितके सापडत नाही.

शब्दाचा स्वभाव कळायचा असेल, तर तो कुठे वापरवत नाही हेही पाहावे. कोल्हापूरला अंबाबाईच्या देवळात वर्षातून दोनदा, ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी या दिवसांच्या आसपास, मावळता सूर्य महाद्वारातून थेट गाभाऱ्यापर्यंत येतो. आधी चरण, मग कटी, मग मुख अशी ती उन्हे मूर्तीवर चढत जातात. तेही आतल्या काळोखात येऊन पोचलेले ऊनच. पण त्याला आपण किरणोत्सव म्हणतो, आणि कुणी देवीच्या मुखावर कवडसा पडला म्हणाले, तर कानाला कसेसेच होईल. तिथून दूर पूर्वेला, कृष्णाकाठी खिद्रापूरला, बाराव्या शतकातले कोपेश्वराचे मंदिर आहे. त्याच्या स्वर्गमंडपाचे छत मधोमध वर्तुळाकार उघडे, सुमारे तेरा फुटांचे, आणि त्या आभाळाच्या कड्याभोवती बारा खांब रिंगण धरून उभे. त्रिपुरी पौर्णिमेच्या रात्री चंद्र त्या उघड्या छतावर येतो आणि खालच्या गोल शिळेवर चांदणे ओतले जाते. तिथे उभे राहिल्यावर 'कवडसा' हा शब्द ओठांवर येतो आणि परत फिरतो. तेरा फुटांच्या आभाळाला तो कसा पुरणार? चांदण्याचाही कवडसा असतो, पण खिडकीच्या फुटक्या तावदानातून उशीशी आलेला. मूळचाच हा शब्द घरगुती, परकर नेसलेला. त्याला देवळात सोवळे नेसवू नये.

उलट पोरांच्या हाती दिला, की तो नाचतो. आरशाच्या तुकड्याने कवडसे पाडण्याचा खेळ आपण सगळेच खेळलो आहोत : फळ्यावर, झाडाच्या शेंड्यावर, समोरच्या गॅलरीत पेपर वाचणाऱ्या आजोबांच्या टकलावर. इथे मात्र पडणारा कवडसा पाडलेला झाला, त्याला चाल मिळाली आणि खोडीही. वर्तमानपत्रांनी त्याची याहून वाईट खोडी काढली आहे. 'आशेचा कवडसा' हा प्रयोग इतका झिजला की त्यातून आता ना आशा दिसते, ना ऊन. मला तो पटत नाही, तो शिळा झाला म्हणूनच केवळ नव्हे. आशा पुढे पाहते, आणि कवडसा तर कुठेच पाहत नाही. तो पडलेला असतो, थोड्या वेळाने पुढे सरकतो, आणि सूर्य कलला की उठून जातो, काही आश्वासन न देता.

आता स्लॅबची घरे आली, आढी गेली, वानरांनाही उडी मारून सरकवायला काही उरले नाही. तरी या शब्दाला अजून एक छप्पर शिल्लक आहे, झाडाचे. भर दुपारी आंब्याखाली उभे राहून खाली पाहा : पानांच्या हजार वेड्यावाकड्या फटींतून पडलेले हजार गोल, एकमेकांवर चढलेले, वारा आला की थरथरणारे, आणि त्यातला प्रत्येक सूर्य. हे सूर्यच आहेत याची खातरजमा मी १५ जानेवारी २०१० च्या दुपारी केली. ग्रहण लागले होते, काळे चष्मे लावून माणसे आभाळाकडे पाहत होती, आणि माझ्या पायाशी झाडाच्या सावलीत सगळ्या कवडशांच्या चंद्रकोरी झाल्या होत्या, एकाच दिशेला तोंड करून.

तशी दुपार पुन्हा येते आहे, आणि या खेपेस अधिक जुळून. २१ मे २०३१ रोजी सूर्यग्रहण आहे. कंकण केरळ-तमिळनाडूत दिसेल, आपल्याकडे खंडग्रास. वेळ भर दुपारची, वैशाखी उन्हाची, सूर्य जवळजवळ डोक्यावर. त्या दिवशी आंब्याखाली एक पांढरी चादर अंथरून ठेवा.