मुलाखतीचे तीस गुण नेमके कशाचे?

पेटचा किंवा नेटचा निकाल लागला की आठवडाभरात तुमच्या मोबाइलवर दोन गोष्टी येतात. एक म्हणजे ‘पीएचडी मुलाखतीत हमखास विचारले जाणारे प्रश्न’ नावाची पीडीएफ, आणि दुसरी म्हणजे कुणीतरी ग्रुपवर टाकलेला व्हिडिओ. फिकट रंगाचा शर्ट घाला, आत जाण्याआधी परवानगी मागा, डोळ्याला डोळा भिडवून बोला, ‘संशोधन का करायचंय?’ असं विचारलं तर समाजासाठी योगदान द्यायचंय म्हणा. सल्ला एवढाच. तो खोटा आहे असं मी म्हणत नाही. शर्टाला इस्त्री असावी यात वाद कसला? माझा आक्षेप त्यामागच्या समजुतीला आहे. मुलाखत म्हणजे व्यक्तिमत्त्वाची परीक्षा, असं हा सल्ला न सांगता गृहीत धरतो, आणि तुम्ही तयारीचे पंधरा दिवस आरशासमोर घालवता.

आधी आकडे बघू. युजीसीच्या २०२२ च्या नियमावलीत विद्यापीठाच्या प्रवेश परीक्षेला ७० टक्के आणि मुलाखतीला ३० टक्के भार आहे. जून २०२४ पासून नेटचा निकाल पीएचडी प्रवेशासाठी धरायला लागले, तिथेही जेआरएफ नसलेल्यांना हेच ७०:३० लागू आहे. जेआरएफ असेल तर निवड मुलाखतीवरच. आता ७० हा आकडा ३० पेक्षा मोठा आहे म्हणून लेखी परीक्षाच निर्णायक, असं आपल्याला वाटतं. जरा हिशेब करा. समजा मुलाखतीला बोलावलेल्या सगळ्यांना लेखीत ५० ते ६० गुण आहेत. ७० टक्क्यांच्या हिशेबात ते ३५ ते ४२ होतात, म्हणजे पहिल्या आणि शेवटच्या उमेदवारात फरक अवघा सात गुणांचा. मुलाखतीत मात्र पॅनल कुणाला ८ देतं, कुणाला २६. हा फरक अठराचा. मग यादी कोण ठरवतं? कागदावरचा भार आणि प्रत्यक्षातला भार यात अंतर असतं, आणि ते गुण किती पसरलेत यावर अवलंबून असतं. संख्याशास्त्राच्या तासाला प्रमाण विचलन शिकताना ‘हे कुठे वापरायचं?’ असं वाटलं असेल, तर हे घ्या उदाहरण.

या तीस गुणांचं काय करायचं हा प्रश्न आपल्याकडे नवा नाही. त्यासाठी एक जुना निकाल वाचायला हवा. अजय हासिया विरुद्ध खालिद मुजीब हा सर्वोच्च न्यायालयाचा १९८० चा निकाल. कायद्याच्या विद्यार्थ्यांना तो ‘राज्यसंस्था कशाला म्हणायचं’ यासाठी पाठ असतो, पण मूळ भांडण अगदी तुमच्या-माझ्यासारख्यांचं होतं. श्रीनगरच्या रीजनल इंजिनिअरिंग कॉलेजात १९७९ साली प्रवेशासाठी लेखी परीक्षा १०० गुणांची आणि तोंडी ५० गुणांची होती. लेखीत चांगले गुण मिळवलेली मुलं तोंडीत मागे पडली, आणि लेखीत त्यांच्यापेक्षा कमी गुण असलेली मुलं आत गेली. बाहेर राहिलेल्यांनी कोर्टात सांगितलं की आमची मुलाखत सरासरी दोन-तीन मिनिटं चालली. वडील काय करतात, राहता कुठे, असलेच प्रश्न होते. विषयाचं जवळजवळ काहीच विचारलं नाही.

न्या. भगवतींनी लिहिलेल्या या निकालात मुलाखतीवरचे आक्षेप स्वच्छ मांडलेत: ती व्यक्तिनिष्ठ असते, पहिल्या छापेवर चालते, तिचा गैरवापर होऊ शकतो. तरी ती पूर्ण मोडीत काढायला कोर्ट तयार नव्हतं. एकूण गुणांच्या एक तृतीयांश गुण तोंडीला देणं मनमानी आहे, यापुढे १५ टक्क्यांच्या वर जाऊ नये, आणि मुलाखत टेपवर रेकॉर्ड करावी, असं निकालात आहे. (रेकॉर्डिंग तुमच्या विद्यापीठात होतं का, विचारून बघा. उत्तरापेक्षा चेहरे बघण्यासारखे असतात.)

मग १५ चे ३० कसे चालतात, असा प्रश्न तुम्हाला पडेल. मुलाखतीला किती भार योग्य हे ती कशासाठी आहे यावर ठरतं, अशी भूमिका सर्वोच्च न्यायालयाने पुढच्याच वर्षी लीला धर खटल्यात घेतली. कॉलेजात येणाऱ्या मुलांचं व्यक्तिमत्त्व अजून घडत असतं, तिथे लेखीवर भर हवा. नोकरीसाठी येणाऱ्या प्रौढ माणसाबाबत तोंडीला जास्त वजन चालेल. पीएचडीचा उमेदवार यात नक्की कुठे बसतो? विद्यार्थी की प्रौढ नोकरदार? मला हा धागा अजून मोकळाच दिसतो. कुणाला प्रबंधाचा विषय हवा असेल तर हा पडलाय.

पण अजय हासियाचं कौतुक करून थांबणं बरोबर नाही. १५ हा आकडा कुठल्या मोजणीतून आलेला नाही. १२ का नाही, २० का नाही, हे निकालात सापडत नाही. शिवाय वर आपण केलेला हिशेब लावला तर लेखीचे गुण एकमेकांना चिकटलेले असताना १५ टक्केसुद्धा यादी फिरवू शकतात. कोर्टाने भार कमी केला. मुलाखतीत मोजलं काय जातं, हा प्रश्न तसाच राहिला. दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठात अब्दुल नफे समितीने २०१६ मध्ये प्रवेशाच्या गुणांची आकडेवारी तपासली, तेव्हा लेखी आणि तोंडी गुणांतला फरक सामाजिक गटांप्रमाणे सातत्याने वेगळा पडतो असं तिला दिसलं, आणि तोंडीचे गुण ३० वरून खाली आणावेत अशी शिफारस तिने केली. एखाद्या सरांचा स्वभाव वाईट आहे, एवढ्यावर हे झटकून टाकता येत नाही.

इथे मानसशास्त्रातला एक प्रयोग सांगतो, कारण तो तयारीच्या थेट उपयोगाचा आहे. जेसन डेना, रॉबिन डॉज आणि नॅथॅनियल पीटरसन यांनी तो २०१३ मध्ये प्रसिद्ध केला. विद्यार्थ्यांनी दुसऱ्या विद्यार्थ्यांची मुलाखत घेऊन त्यांना पुढे किती गुण पडतील याचा अंदाज करायचा होता. आधीचे गुण हातात होतेच. नुसत्या त्या गुणांवरून केलेले अंदाज जास्त अचूक निघाले; मुलाखतीने ते बिघडवले. गंमत पुढेच आहे. काही मुलाखतींत समोरचा माणूस मनाला येईल ते नव्हे, तर एका ठरवलेल्या यांत्रिक नियमाने हो-नाहीची उत्तरं देत होता. म्हणजे उत्तरांना काही अर्थच नव्हता. मुलाखत घेणाऱ्यांच्या ते लक्षात आलं नाही. आपल्याला माणूस कळला, असंच त्यांना वाटत राहिलं.

पॅनलवरची माणसंही अशीच असतात, तुम्ही-आम्हीही असेच आहोत. तुम्ही मोघम बोललात तर त्या मोघमपणातून ते स्वतः एक गोष्ट रचतात: ‘मुलगा खेड्यातला दिसतो, इंग्रजी कच्चं आहे, झेपेल का?’ गप्पा जितक्या सैल, तितकी तुमची भाषा, आडनाव आणि कॉलेज यांचीच मोजणी होते. म्हणून तयारी करायची ती बोलणं सैल राहू नये याची.

कशाच्या आधाराने? युजीसीच्या २०१६ च्या नियमावलीत मुलाखतीने काय बघावं ते तीन प्रश्नांत दिलं होतं: उमेदवाराकडे या कामाची क्षमता आहे का, हे काम या संस्थेत नीट होऊ शकतं का, आणि यातून ज्ञानात काही नवी भर पडेल का. पीडीएफमधल्या सगळ्या प्रश्नांपेक्षा हे तीन मोलाचे आहेत. यात हसण्याचा उल्लेख नाही बघा.

एक नेहमीचा विषय घेऊ: ‘ग्रामीण महिलांच्या सक्षमीकरणात बचत गटांची भूमिका: एक अभ्यास’. असा सिनॉप्सिस घेऊन गेलात की पॅनल पहिला चेंडू टाकणार, ‘यावर ढीगभर काम झालंय, तुमचं नवीन काय?’ आणि त्यांचं चूक नाही. नाबार्डने गट आणि बँका जोडायचा प्रयोग १९९२ मध्ये सुरू केला, तेव्हापासून अशा शीर्षकाखाली कपाटं भरली आहेत. आता हाच विषय असा वळवा: कर्ज बाईच्या नावावर निघतं, पण ते कशावर खर्च करायचं हे घरात कोण ठरवतं? बांगलादेशात अ‍ॅन मारी गेट्झ आणि रीना सेनगुप्ता यांनी १९९६ मध्ये हाच प्रश्न विचारला होता, आणि बायकांच्या नावावरची बरीच कर्जं पुरुषांच्या ताब्यात जातात असं दाखवलं होतं. मग तुमचं वाक्य तयार होतं: ‘सर, तो प्रश्न मी माझ्या तालुक्यातल्या गटांना लावणार आहे. गटाची इतिवृत्ताची वही, बँकेचं पासबुक आणि घरी जाऊन केलेल्या मुलाखती, या तिन्हींत जुळतं का ते बघणार. निर्णय बायकाच घेतात असं निघालं, तर माझा अंदाज चुकला.’

या शेवटच्या वाक्यावर वेळ घाला. आपलं म्हणणं कशाने खोटं ठरेल हे सांगता येणं, हा क्षमतेचा मला माहीत असलेला सगळ्यात सरळ पुरावा आहे, आणि त्याला इंग्रजी लागत नाही. ‘मॅडम, हे मराठीत सांगितलं तर चालेल का?’ असं विचारायला लाजू नका. पाठ केलेलं इंग्रजी दुसऱ्याच उपप्रश्नाला संपतं. येत नसेल तिथे ‘हे मी वाचलेलं नाही’ म्हणा आणि ते शोधायचं झालं तर कुठून सुरुवात कराल ते सांगा.

संस्थेबद्दलचा प्रश्न बहुतेक जण सोडून देतात. एका प्राध्यापकाकडे एका वेळी आठ, सहयोगी प्राध्यापकाकडे सहा, सहायक प्राध्यापकाकडे चार, एवढेच पीएचडीचे विद्यार्थी असू शकतात. जागा रिकामी कुणाकडे आहे आणि त्यांचं काम तुमच्या विषयाच्या जवळचं आहे का, हे न बघता गेलात तर चांगली उत्तरं देऊनही यादीत राहाल की नाही सांगता येत नाही. त्यांचे दोन लेख वाचून जा. स्तुती करू नका, एखादी शंका विचारा.

आणि बाहेर आलात की चहाला जाण्याआधी वहीत लिहून ठेवा: आत किती वाजता गेलो, बाहेर किती वाजता आलो, कोणते प्रश्न विचारले, त्यातले विषयाचे किती. श्रीनगरच्या त्या मुलांची तक्रार उभी राहिली ती याच दोन गोष्टींवर, किती मिनिटं आणि काय विचारलं.